तुला म्हणून सांगतो

गुप्त संस्थेच्या सभासदाला पोलिसांपेक्षाही जास्त छळणारी एक गोष्ट असते: आपण गुप्त संस्थेत आहोत हे कुणाला ठाऊकच नसतं. दिवसभर दुकानात कापड मोजायचं, गिऱ्हाइकापुढे मान तुकवायची, मालकाची बोलणी खायची, आणि आतल्या आत मात्र आपण आयरिश प्रजासत्ताकाचे शिपाई. एवढं थोर ओझं माणसानं एकट्यानं किती दिवस वाहावं? मग एखाद्या शनिवारी रात्री, तिसऱ्या ग्लासानंतर, तो शेजारच्याच्या कानाशी तोंड नेतो आणि म्हणतो, "तुला म्हणून सांगतो."

शेजारचा दचकत नाही. तोही त्याच संस्थेत असतो. पलीकडच्या बाकावरचा एक जण तेवढा अर्धा ग्लास तसाच टाकून उठतो. डब्लिनच्या गुत्त्यातून अर्धा ग्लास टाकून जाणारा माणूस सरकारी पगारावरच असणार, हे साधं गणित आपल्या ह्या मित्राला उभ्या आयुष्यात सुटलं नाही.

१८६०च्या दशकात हा माणूस डब्लिनमध्ये, कॉर्कमध्ये, आणि अटलांटिक ओलांडलात तर न्यू यॉर्कमध्ये जागोजाग भेटे. त्याला फेनियन म्हणत. नाव भारदस्त होतं. जुन्या गेलिक कथांतल्या फियाना नावाच्या रानोमाळ हिंडणाऱ्या योद्ध्यांवरून जॉन ओ'माहोनी ह्या विद्वान गृहस्थानं ते न्यू यॉर्कमध्ये बसून ठेवलं होतं. प्रत्यक्षातला फेनियन कापडदुकानातला नोकर असे, नाहीतर शिंपी, चांभार, सुतार, खेड्यातला शाळामास्तर. रानाशी त्याचा संबंध रविवारपुरता.

'होमरूल' हा शब्द टिळकांनी १९१६ साली आपल्याकडे रुजवला तो आयर्लंडच्याच बेटावरचा. त्यामुळे आयरिश देशभक्त म्हटलं की मराठी वाचकाच्या डोळ्यांपुढे सभा, ठराव आणि वर्गणीची पावती उभी राहते. तो प्राणी वेगळा. होमरूलवाला पार्लमेंटकडे मागणी करी. फेनियनला पार्लमेंटचं तोंडही पाहायचं नव्हतं. पावत्या मात्र दोघंही फाडत.

आपल्या फेनियनला हसण्याआधी एक गोष्ट सांगून टाकायला हवी. १८४५ साली बटाट्यावर रोग पडला तेव्हा हा तीन-चार वर्षांचा होता. पुढच्या काही वर्षांत त्या बेटावर सुमारे १० लाख माणसं उपासमारीनं आणि तापानं मेली, जवळपास तेवढीच बोटीत बसून परागंदा झाली, आणि त्याच काळात धान्य नि गुरं इंग्लंडच्या बाजाराला जातच होती. त्याच्या घरातलं कोण गेलं हे तो सांगत नाही. एरवी सगळं सांगणारा माणूस. एवढंच तेवढं सांगत नाही.

संस्थेचा जन्म १७ मार्च १८५८चा, म्हणजे सेंट पॅट्रिकच्या सणाचा. जागा डब्लिनच्या लॉम्बार्ड स्ट्रीटवरची लाकडाची वखार. न्यू यॉर्कहून ८० पौंड आले होते, आणि तेवढ्या भांडवलावर ब्रिटिश साम्राज्य उलथायची शपथ तयार झाली. संस्थापक जेम्स स्टीफन्स. ह्या माणसाची उमेदवारी १८४८च्या उठावात झालेली. तो उठाव म्हणजे टिपररी परगण्यात मॅकॉर्मॅक नावाच्या विधवेच्या घराला घातलेला वेढा: आत पोलीस नि त्या बाईंची पोरं, बाहेर बंडखोर, मधे कोबीचे वाफे. इंग्रजी वर्तमानपत्रांनी त्याला कोबीच्या मळ्यातली लढाई म्हणून इतकं चिडवलं, की पुढे क्रांतीचं नाव काढलं तरी कुणीतरी भाजीचा भाव विचारी. स्टीफन्सला तिथे गोळी लागली. तो मेला अशी हूल उठवून घरच्यांनी शवपेटीत दगड भरले आणि रीतसर अंत्यविधी उरकला. पेटी खांद्यावर घेणाऱ्यांना ती जड लागली असेलच. थोर माणूस, जड असणारच, अशी त्यांनी समजूत घातली असावी.

पुढे पॅरिसहून परतून हा मेलेला माणूस आयर्लंडभर पायी हिंडला, ३,००० मैल चाललो म्हणून सांगू लागला, आणि मग त्यानं संस्थेची रचना बसवली. ती कागदावर बघण्यासारखी होती. सगळ्यांत वर 'ए', म्हणजे कर्नल. त्याच्या हाताखाली नऊ 'बी', म्हणजे कॅप्टन. प्रत्येक बीखाली नऊ सार्जंट, प्रत्येक सार्जंटखाली नऊ शिपाई. एका कर्नलची अशी ८१९ माणसांची उतरंड. शिपायाला फक्त त्याचा सार्जंट माहीत असायचा, सार्जंटला फक्त त्याचा कॅप्टन. म्हणजे एक फुटला तरी बाकीचे सुरक्षित.

आता आयर्लंड म्हणजे काय हे ज्याला ठाऊक आहे त्यानं ह्या रचनेत आपल्या मित्राला बसवून पाहावं. सार्जंट त्याचा मावसभाऊ. कॅप्टन बहिणीच्या नवऱ्याचा चुलता. कर्नल कोण हे कळायचं काही कारण नव्हतं. पण कर्नल ज्या गुत्त्यात बसे तिथला मालक कर्नलला उधार देई आणि ह्याला देत नसे, त्यावरून ते कळलं. गुपित षट्कर्णी झालं की फुटतं असं आपल्याकडे म्हणतात. इथे कानांची मोजणी ८१९पासूनच सुरू होत होती.

रविवारी तो रानात जाई. बायकोला सांगे, मासे धरायला. डोंगराच्या आडोशाला तीस-चाळीस माणसं काठ्या खांद्याला लावून कवायत करत, मग शिदोरी सोडत, मग गाणी म्हणत. काही इतिहासकारांचं म्हणणं असं की ही चळवळ बऱ्याच तरुण कारागिरांसाठी आठवड्याचा विरंगुळासुद्धा होती. मला ते पटतं, आणि त्यात कमीपणा वाटत नाही. सहा दिवस दुसऱ्याच्या हुकमावर चालणाऱ्या माणसाला सातव्या दिवशी आपल्यातल्याच कुणाच्या तरी हुकमावर डावीकडे वळावंसं वाटलं, तर त्याला मासे मिळाले नाहीत म्हणून हिणवू नये.

धर्माचं मात्र जरा अवघड झालं होतं. चर्चनं गुप्त शपथांना पाप ठरवलेलं. केरीच्या बिशप मोरिआर्टींनी तर फेनियन पुढाऱ्यांना पुरेल इतका नरक तापलेला नाही अशा अर्थाचं प्रवचन झोडलं. आपला मित्र श्रद्धाळू. तो दर रविवारी प्रार्थनेला जाई, पण खांबाआड बसे. पाद्र्यापुढे पापं कबूल करताना बाकी सगळी सांगे आणि हे एक गाळी. म्हणजे ज्या एका माणसाला ऐकलेलं गुपित ठेवण्याचं धार्मिक बंधन होतं, नेमकं त्याला सोडून त्यानं ते सगळ्या गावाला सांगितलं.

संस्थेनं १८६३च्या नोव्हेंबरात वर्तमानपत्र काढलं. गुप्त संस्थेचं वर्तमानपत्र! नाव 'द आयरिश पीपल', कचेरी १२, पार्लमेंट स्ट्रीट. तिथून डब्लिन कॅसल, म्हणजे इंग्रजी राज्यकारभाराचं मुख्य ठाणं, दोन पावलांवर. हेरांना पावसाळ्यात छत्री लागू नये इतकी सोय. तरी सरकारनं छत्रीही वाचवली आणि पावलंही: कचेरीत अंकांच्या घड्या घालायला पिअर्स नेगल नावाचा माणूस होता, तो कॅसलला खबरा देई. १८६५ साली स्टीफन्सनं टिपररीच्या मंडळींना पत्र लिहिलं की यंदाच काय ते करायचं. नेगलनं अंकासारखीच त्या पत्राची घडी घातली आणि योग्य ठिकाणी पोचवली. १५ सप्टेंबरला कचेरीवर धाड पडली. छापखान्यातल्या खिळ्यांसकट सगळं उचलून नेलं.

त्याच सुमाराला अमेरिकेतली यादवी संपून तिथले आयरिश अधिकारी मदतीला येऊ लागले होते. हे खरे लढवय्ये, तोफा पाहिलेले. ते साध्या प्रवाशासारखे उतरत, कुणाशी बोलत नसत, नावं बदलत. पण अमेरिकन बूट पुढून चौकोनी आणि डब्लिनचे बूट पुढून गोल. पोलीस धक्क्यावर उभे राहून नुसते खाली बघत.

स्टीफन्सला पकडलं ११ नोव्हेंबरला. तो सँडीमाउंटला मिस्टर हर्बर्ट ह्या नावानं बागकाम करत राहिला होता. आणि मग, कथा रटाळ होणार असं वाटत असतानाच, १३ दिवसांत तो रिचमंड तुरुंगातून नाहीसा झाला. आतला पहारेकरी डॅनियल बर्न शपथ घेतलेला. तुरुंगाच्या इस्पितळाचा कारभारी जॉन ब्रेस्लिन मनानं त्यांचाच. दोघांनी किल्ल्या करून घेतल्या. फेनियनांच्या कचेरीत सरकारचा माणूस आणि सरकारच्या तुरुंगात फेनियनांचा, अशी फिटंफाट झाली. त्या आठवड्यात आपला मित्र दुकानात शीळ घालत कापड मोजत होता आणि प्रत्येक वाराला दोन बोटं जास्त देत होता. मालकानं पगारातून कापून घेतलं.

स्टीफन्स 'यंदाच' म्हणाला होता. मग 'पुढच्या वर्षी' म्हणाला. मग लोकांनी त्यालाच बाजूला केलं, आणि १८६७च्या मार्चमध्ये, ५ तारखेच्या रात्री, उठाव खरोखरच झाला. आपला मित्र कोटात भाल्याचं पातं लपवून टॅलाटच्या टेकड्यांकडे निघाला. बायकोनं विचारलं, एवढ्या थंडीत मासे? तिथे ह्याच्यासारखे शेकडो जमले होते. पोलीस मूठभर. त्यांनी गोळ्या झाडल्या आणि प्रजासत्ताक अंधारात पांगलं. मग बर्फ पडू लागलं. असं पडलं की डोंगरात लपायचीही सोय राहिली नाही. पहाटे तो घरी आला, पातं गवताखाली सारलं आणि वेळेवर दुकान उघडायला गेला. दोनेक महिन्यांनी, मेमध्ये, अमेरिकेहून हजारो बंदुका घेऊन 'एरिन्स होप' नावाचं जहाज स्लायगोच्या किनाऱ्याला लागलं. वरातीमागून घोडं ऐकलं होतं, इथे गलबत आलं. किनाऱ्यावर उतरवून घ्यायला कुणी नव्हतं. काही माणसं पुढे वॉटरफर्डजवळ उतरली आणि पकडली गेली. बंदुका आल्या तशा परत गेल्या.

त्या वर्षाचा शेवट हसण्यासारखा नाही. सप्टेंबरात मँचेस्टरला फेनियन कैद्यांची गाडी फोडताना पोलीस सार्जंट ब्रेट मारला गेला, आणि नोव्हेंबरात अॅलन, लार्किन नि ओ'ब्रायन फासावर गेले. डिसेंबरात लंडनला क्लर्कनवेल तुरुंगाची भिंत एका कैद्याला सोडवायला उडवली. बेत आधीच फुटला होता. कैद्याला त्या दिवशी अंगणात आणलंच नाही. भिंत मात्र उडाली आणि समोरच्या घरांतली १२ गरीब माणसं गेली. ह्या एका गोष्टीबद्दल आपला मित्र गुत्त्यात कधी बोलला नाही. कुणी विषय काढला की तो उठून शेकोटीत कोळसा घाली.

ज्यांची नावं पोलिसांकडे पोचली होती ते तुरुंगात गेले किंवा अमेरिकेत. हा अमेरिकेत गेला, आणि तिथे तर आभाळच मोकळं. इथे 'तुला म्हणून सांगतो' कानात म्हणायची गरज नव्हती. व्यासपीठावरून म्हणता येत होतं. आयरिश प्रजासत्ताक अजून पृथ्वीवर कुठेच नव्हतं, पण न्यू यॉर्कच्या युनियन स्क्वेअरमध्ये त्याचा वाडा भाड्यानं घेतलेला होता. प्रजासत्ताकाचे रोखेही निघाले. त्यांवर छापलं होतं की आयर्लंडचं स्वातंत्र्य मान्य झाल्यापासून सहा महिन्यांनी रक्कम परत मिळेल, दरसाल दरशेकडा सहा टक्के व्याजानं. मोलकरणींनी आणि हमालांनी आपली बचत त्यात घातली. आपल्या मित्रानं दहा डॉलरचा एक घेतला आणि व्याजाचा हिशेब रोख्याच्या पाठीवर पेन्सिलीनं करत राहिला. पाठ भरली तेव्हा त्यानं दुसरा कागद जोडला.

वाडा आणि पैसा एकत्र आला की फूट पडणार हे मराठी माणसाला समजावून सांगायला नको. ओ'माहोनीचा एक पक्ष, 'सेनेट'वाल्यांचा दुसरा. इंग्लंडला आयर्लंडात हरवणं अवघड, तर शेजारच्या कॅनडात हरवू, ही दुसऱ्यांची योजना. १८६६च्या जूनमध्ये जॉन ओ'नील सुमारे आठशे माणसांनिशी नायगारा ओलांडून गेला आणि, कुणाला अपेक्षा नसताना, रिजवेची लढाई चक्क जिंकला. मग अमेरिकन सरकारनं मागून रसद तोडली. परतलेल्या सैनिकांकडून पुन्हा असं करणार नाही असं लिहून घेतलं आणि त्यांना घरी जायची रेल्वेची तिकिटं काढून दिली. स्वारीवरून परतणाऱ्या सैन्याला तिसऱ्याच सरकारनं तिकीट काढून दिल्याचं दुसरं उदाहरण मला तरी ठाऊक नाही.

ओ'नीलनं १८७०मध्ये पुन्हा स्वारी केली. ऐन चकमकीत अमेरिकन मार्शलनं त्यालाच घोडागाडीत घातलं आणि त्याच्याच सैन्यामधून हाकत नेलं. १८७१मध्ये तिसऱ्यांदा त्यानं पेंबिनाची एक ठाणेवजा कोठी काबीज केली. ती सीमेच्या अलीकडे, अमेरिकेच्याच जमिनीवर निघाली.

ओ'नीलचा उजवा हात होता आंरी ल कारों नावाचा रुबाबदार फ्रेंच गृहस्थ. सरहद्दीवर ठिकठिकाणी बंदुका लपवून ठेवण्याचं काम ह्याच्याकडे, आणि हिशेब इतका चोख की किती बंदुका कुठे ते त्याला पाठ. तो फ्रेंच नव्हता. कोलचेस्टरचा थॉमस बीच होता, आणि तो चोख हिशेब लंडनला पाठवत होता. वीसहून अधिक वर्षं. १८८९ साली लंडनच्या चौकशी आयोगापुढे तो स्वतःच साक्षीला उभा राहिला तेव्हा कळलं. आपला मित्र ते वर्तमानपत्र हातात धरून बराच वेळ गप्प होता. मग म्हणाला, "पण माणूस फार मन लावून ऐकायचा." खरंच आहे. इतकी वर्षं त्याचं बोलणं पूर्ण ऐकून घेणारा तेवढा एकच भेटला होता.

पाणबुडीची गोष्ट तर तो स्वतः सांगे. जॉन हॉलंड नावाच्या शाळामास्तरानं पाण्याखालून जाऊन इंग्रजी जहाजं बुडवणारी बोट काढली, फेनियनांच्या फंडातून. १८८१ साली ती न्यू यॉर्कच्या पाण्यात उतरली. ३१ फूट लांब, तीन माणसांची. कमालीची गुप्त, म्हणजे वर्तमानपत्राच्या बातमीदारानंच तिचं 'फेनियन रॅम' असं बारसं केलं. मग पैशावरून भांडण पेटलं, आणि १८८३च्या नोव्हेंबरात एका रात्री फेनियनांनी स्वतःचीच पाणबुडी चोरली. ओढून न्यू हेवनला नेली. तिथे गेल्यावर कळलं की ती चालवता कुणालाच येत नाही. ज्याला येत होती तो हॉलंड रागावून बसला होता, आणि गंजू दे म्हणाला. चोरी करणाऱ्यांत तुरुंगाच्या किल्ल्या करणारे आपले ब्रेस्लिनही होते. हॉलंडनं पुढे पाणबुड्या सुधारल्या. १९०१ साली ब्रिटिश आरमाराची पहिली पाणबुडी पाण्यात उतरली ती त्याच्याच आराखड्यावरची.

ब्रेस्लिनबद्दल एवढं सांगून थांबणं बरं नव्हे. १८७६ साली हाच माणूस श्रीमंत अमेरिकन व्यापारी बनून पश्चिम ऑस्ट्रेलियात गेला होता. फ्रीमँटलच्या तुरुंगात जन्मठेपेचे फेनियन होते. न्यू बेडफर्डहून 'कॅटाल्पा' हे देवमाशांच्या शिकारीचं जहाज वर्षभर आधी निघालेलं. १७ एप्रिलला सहा कैदी घोडागाड्यांतून किनाऱ्याला, तिथून होडीनं जहाजावर. सरकारी बोटीनं पाठलाग केला तेव्हा कप्तानानं वरच्या अमेरिकन झेंड्याकडे बोट दाखवलं. खर्च सभासदांच्या वर्गणीतून झालेला. पण हा एकच बेत असा की आपल्या मित्रासारख्यांच्या कानावर त्यातलं अक्षर गेलं नाही. त्यामुळेच तडीस गेला हे त्याला कळत होतं, आणि ते त्याला लागलंही. दोन-तीन वर्षांनी तो सांगू लागला की आपणही त्या जहाजावर होतो. तसं सांगणाऱ्या सगळ्यांना खरंच घेतलं असतं तर 'कॅटाल्पा' बंदरातच बसली असती.

त्याला मनापासून आवडे ती प्रेतयात्रा. सरकार कवायतीवर बंदी घालील, माणूस पुरायला कशी घालणार? १८६१ साली टेरेन्स बेल्यू मॅकमॅनस हा अठ्ठेचाळीसचा बंडवाला सॅन फ्रान्सिस्कोमध्ये वारला, तर त्याला समुद्रापलीकडून आणून दहा महिन्यांनी डब्लिनमध्ये पुरलं. आर्चबिशप कलननी चर्चचं दार लावून घेतलं आणि गर्दी दुप्पट झाली. जिवंतपणी मॅकमॅनसला ओळखणारे त्यात फार थोडे; तरी आपला मित्र चौघांच्या रांगेत, पावलाला पाऊल मिळवून चालला. त्याच्या आयुष्यातली ती सगळ्यांत शिस्तशीर लष्करी हालचाल.

आणि १९१५मध्ये शेवटची. ओ'डोनोव्हन रोसा न्यू यॉर्कमध्ये वारला. हा रोसा तुरुंगाच्या अधिकाऱ्यावर भांडं फेकल्याबद्दल ३५ दिवस हात पाठीमागे बांधून राहिलेला. आत असतानाच टिपररीनं त्याला पार्लमेंटवर निवडून दिलेला. १ ऑगस्टला डब्लिनमध्ये त्याची अंत्ययात्रा निघाली. सगळी व्यवस्था अमेरिकेतून आठ वर्षांपूर्वी परतलेल्या टॉम क्लार्ककडे. क्लार्क पार्नेल स्ट्रीटच्या कोपऱ्यावर तंबाखूचं लहानसं दुकान चालवी. किडकिडीत, चष्मा लावलेला. सत्तावन्नचा, पण १५ वर्षांच्या इंग्रजी तुरुंगामुळे सत्तरीचा वाटणारा.

आपला मित्रही तोवर डब्लिनला परत आला होता, खरोखरच सत्तरी उलटून. अंत्ययात्रेनंतर तो त्या दुकानात शिरतो. काउंटरवर कोपर टेकतो. टॅलाटचं बर्फ, चौकोनी बूट, 'कॅटाल्पा' हे सगळं क्रमानं होतं. दुकानदार ऐकत असतो. मग तो मागे वळून दाराकडे पाहतो, आणखी पुढे वाकतो आणि आवाज उतरवतो.

"तुला म्हणून सांगतो, टॉम. कुणाला बोलू नकोस. ह्या हल्लीच्या पोरांच्या हातून काही व्हायचं नाही."

दुकानदार पुडी बांधतो, सुटे पैसे मोजून देतो. समोरच्या फुटपाथवर भिंतीला टेकून उभा असलेला साध्या कपड्यांतला पोलीस वहीत वेळ टाकतो आणि लिहितो: एक म्हातारा आला, तंबाखू घेतली, गेला.